मायक्रोलिटर: अर्थ, लिहिण्याची रीत आणि अचूक मोजण्याची पद्धत

रक्ताच्या अहवालात प्लेटलेटच्या आकड्यापुढे, एन्झाइमच्या इवल्याशा ट्यूबवर, पीसीआरच्या (डीएनएच्या प्रती वाढवण्याच्या) कृतीत आणि ग्लुकोमीटरच्या पट्टीच्या माहितीपत्रकात एकच एकक भेटते: मायक्रोलिटर. शब्द सगळ्यांच्या तोंडी असतो, पण तो नेमका केवढा हे डोळ्यांसमोर आणायला सांगितले तर बरेचजण अडखळतात. प्रयोगात होणाऱ्या चुकांपैकी मोठा वाटा या अडखळण्याचाच असतो. म्हणून आधी आकार समजून घेऊ, मग लिहिण्याची रीत आणि मग हात.

केवढा असतो

'मायक्रो' हा उपसर्ग ग्रीक 'मिक्रोस' म्हणजे लहान या शब्दावरून आला आहे आणि त्याचा अर्थ दहा लाखावा भाग. लिटरचा दहा लाखावा भाग म्हणजे १ मायक्रोलिटर, मिलिलिटरचा हजारावा भाग. लक्षात ठेवायला सगळ्यात सोपी व्याख्या मात्र वेगळी आहे: १ मायक्रोलिटर म्हणजे १ घन मिलिमीटर. पट्टीवरची एक मिलिमीटरची रेघ घ्या आणि तेवढ्याच लांबी-रुंदी-उंचीचा ठोकळा कल्पा. तो पाण्याने भरला तर त्याचे वजन जवळपास १ मिलिग्रॅम भरेल. हेच पाणी गोल थेंबाच्या रूपात असेल तर त्याचा व्यास साधारण १.२४ मिलिमीटर, म्हणजे मोहरीच्या बारीक दाण्याएवढा.

ड्रॉपरमधून पडणारा पाण्याचा एक थेंब साधारण ५० मायक्रोलिटरचा असतो, म्हणून २० थेंबांचा १ मिलिलिटर धरतात. डोळ्यात एका वेळी असणारे अश्रू फक्त ७ मायक्रोलिटरच्या आसपास, आणि औषधाचा एक थेंब ३० ते ५० मायक्रोलिटर. डोळ्यात औषध घातल्यावर गालावर ओघळ का येतो, याचे उत्तर या दोन आकड्यांत आहे. ग्लुकोमीटरच्या आजच्या पट्ट्यांना साधारण अर्धा ते १ मायक्रोलिटर रक्त पुरते.

याच्या खालची पायरी नॅनोलिटर, १ मायक्रोलिटरचा हजारावा भाग. त्याखाली पिकोलिटर आणि त्याखाली फेम्टोलिटर. १ मायक्रोलिटरमध्ये १०० कोटी फेम्टोलिटर मावतात. फेम्टोलिटर दूरची गोष्ट वाटली तरी ती प्रत्येक रक्त-अहवालात असते: तांबड्या पेशीचे सरासरी आकारमान याच एककात देतात आणि ते सामान्यतः ८० ते १०० असते. इथे एक सुंदर ताळा जुळतो. १ मायक्रोलिटर रक्तात ५० लाख तांबड्या पेशी असतील आणि प्रत्येक ९० फेम्टोलिटरची असेल, तर पेशींनी व्यापलेली जागा ४५ कोटी फेम्टोलिटर. १०० कोटींपैकी ४५ कोटी, म्हणजे ४५ टक्के. अहवालात हिमॅटोक्रिट म्हणून जो टक्का छापलेला असतो तो हाच. हे तीन आकडे एकमेकांशी जुळत नसतील तर कुठेतरी छपाईची किंवा मोजणीची चूक आहे, असे खुशाल समजावे.

लिहिताना आणि वाचताना

या एककाचे चिन्ह ग्रीक 'म्यू' हे अक्षर आणि त्यापुढे लिटरचे रोमन अक्षर 'एल' असे आहे. हाताने लिहिताना म्यूची डावीकडची शेपटी राहिली की ते 'एम'सारखे दिसते, आणि मायक्रोलिटरचे मिलिलिटर होते. चूक हजारपट. संगणकावर म्यू न मिळाल्यास रोमन 'यू' वापरण्याची सवय सर्वत्र आहे, आणि तीही छापील मजकुरात चालून जाते. पण औषधाची मात्रा किंवा दुसऱ्याने वाचायची कृती हाताने लिहायची असेल तर चिन्हाच्या वाटेला जाऊ नये, 'मायक्रोलिटर' हा पूर्ण शब्द लिहावा. चार अक्षरे वाचवण्यात काही राम नाही.

लिटरचे अक्षर लहान लिपीतले लिहिले तर ते इंग्रजी एकच्या आकड्यासारखे दिसते. हा घोळ टाळण्यासाठी १९७९ साली वजनमापांच्या आंतरराष्ट्रीय परिषदेने मोठ्या लिपीतल्या 'एल'लाही मान्यता दिली. म्हणून मोठेच वापरावे. तिसरी काळजी दशांश चिन्हाची: अर्धा लिहायचा तर '०.५' लिहावे, नुसते '.५' नाही, कारण फिकट टिंब दिसले नाही की ५ होतात. उलट 'पाच' लिहायचे तर '५.०' टाळावे, तेच टिंब निसटले की ५० होतात.

जुन्या वह्यांत आणि लेखांत ग्रीक 'लॅम्डा' हे अक्षर आढळते. '२० लॅम्डा' म्हणजे २० मायक्रोलिटरच. जुन्या अहवालांतले 'प्रति घन मिलिमीटर' आणि नव्या अहवालांतले 'प्रति मायक्रोलिटर' हेही तंतोतंत एकच, आकडा बदलावा लागत नाही. बदलावा लागतो तो 'प्रति लिटर' लिहिलेला आकडा. प्लेटलेटची सर्वसाधारण मर्यादा १.५ ते ४.५ लाख प्रति मायक्रोलिटर आहे. काही अहवालांत ती १५० ते ४५० अशी दिसते आणि बाजूला 'दहाचा नववा घात प्रति लिटर' असे एकक असते. दोन्ही एकच आहेत: त्या आकड्याला १००० ने गुणले की प्रति मायक्रोलिटरचा आकडा मिळतो. १५० वाचून घाबरण्याआधी नजर शेजारच्या एककाकडे न्यावी.

इतक्या लहान मापात चूक का वाढते

मिलिलिटरमध्ये सरावलेला हात मायक्रोलिटरमध्ये फसतो, त्याचे कारण भूमितीत आहे. थेंब जितका लहान, तितका त्याच्या आकारमानाच्या मानाने त्याचा पृष्ठभाग मोठा. १ मिलिलिटरच्या गोल थेंबाला दर घन मिलिमीटरमागे साधारण अर्धा चौरस मिलिमीटर पृष्ठभाग असतो, १ मायक्रोलिटरच्या थेंबाला जवळजवळ पाच. दहापट. आणि द्रव हरवतो तो पृष्ठभागावरूनच: तिथूनच त्याची वाफ होते, तिथेच तो प्लॅस्टिकला चिकटतो.

द्रव मोजून घेण्याच्या पिपेटच्या टोकाला जी प्लॅस्टिकची निमुळती नळी बसवतात ती टिप. तिच्या बाहेरच्या अंगाला ०.२ मायक्रोलिटर द्रव चिकटून आला असे समजा. १०० मायक्रोलिटर घेताना ही चूक ०.२ टक्के, कोणाच्या लक्षातही येणार नाही. १ मायक्रोलिटर घेताना तीच चूक २० टक्के. हात तोच, थेंब तोच, निकाल मात्र वाया. पुढे जे काही सांगितले आहे ते या एका गोष्टीभोवती फिरते.

साधन निवडणे

मायक्रोलिटरसाठी रोजचे साधन म्हणजे मायक्रोपिपेट. १९५७ साली जर्मनीतल्या मारबुर्गमध्ये हाइन्रिश श्निट्गर यांनी स्प्रिंगच्या दट्ट्याची आणि काढून टाकता येणाऱ्या प्लॅस्टिक टिपची पिपेट तयार केली. त्याआधी काचेच्या नळीने, बहुधा तोंडाने ओढून, द्रव घेत. तोंडाने ओढण्याची पद्धत रक्त, सीरम किंवा कोणत्याही जैविक द्रवासाठी आता पूर्ण वर्ज्य आहे.

पिपेटच्या आत दट्ट्या असतो, पण तो द्रवाला शिवत नाही. दट्ट्या आणि द्रव यांच्यामध्ये हवेचा स्तंभ असतो. दट्ट्या हवा ओढतो, हवेमागे द्रव येतो. म्हणजे आपण प्रत्यक्षात हवा मोजत असतो, आणि हवा तापमानाने, आर्द्रतेने, दाबाने आकार बदलते. पिपेट हातात घेताना हे डोक्यात पक्के असेल तर पुढचे निम्मे नियम पाठ करावे लागत नाहीत, आपोआप सुचतात.

पिपेटचे नाव तिच्या कमाल आकारमानावरून असते: पी-२, पी-१०, पी-२०, पी-२००, पी-१०००. सर्वसाधारणपणे कमाल मापाच्या दहाव्या हिश्शापर्यंत ती चालते, पण खालच्या टोकाला तिची अचूकता ढासळते. नियम असा: ज्या पिपेटच्या पल्ल्यात हवे ते माप वरच्या बाजूला बसते ती घ्यावी. १५ मायक्रोलिटर पी-२० ने घ्यावेत, पी-२०० ने नाही. पी-२०० वर १५ चा आकडा फिरवता आला तरी घेऊ नये.

आकडे वाचताना फसगत होते ती इथे. अनेक पिपेटांवर तीन अंकांची खिडकी असते, आणि '०-७-५' हा एकच आकडा पी-२० वर ७.५, पी-२०० वर ७५ आणि पी-१००० वर ७५० मायक्रोलिटर दाखवतो. दशांशाचा अंक बहुधा वेगळ्या रंगात असतो. नव्या माणसाच्या हाती पिपेट देण्याआधी त्याच्याकडून तीन-चार आकडे मोठ्याने वाचून घ्यावेत.

माप लावताना नेहमी वरून खाली यावे. १० वरून १५ वर जायचे असेल तर १५ च्या पुढे साधारण पाव ते एक तृतीयांश फेरा जाऊन परत १५ वर यावे. आतल्या स्क्रूच्या आट्यांमध्ये थोडी ढिलाई असते, आणि प्रत्येक वेळी एकाच दिशेने आल्यास ती दर वेळी सारखी राहते. कमाल आकड्याच्या वर किंवा शून्याच्या खाली जोर लावून फिरवू नये. एकदा आटे सरकले की पिपेट आकडा एक दाखवते आणि माप दुसरेच घेते, आणि बाहेरून पाहून काही कळत नाही.

द्रव घेणे आणि सोडणे

टिप घट्ट बसवा. पिपेट टिपमध्ये सरळ दाबून किंचित फिरवली की पुरे, खटाखट आपटायची गरज नाही. आपटल्याने टिपचे तोंड वाकडे बसते आणि फटीतून हवा शिरते.

पाण्यासारख्या द्रवासाठी आधी तीन वेळा द्रव आत घेऊन परत त्याच ट्यूबमध्ये सोडा. कोरड्या टिपमध्ये द्रव शिरला की त्याची वाफ आतल्या हवेत मिसळते, हवा फुगते आणि पहिली एक-दोन मापे कमी भरतात. टिप ओली झाली की आतली हवा दमट होते आणि माप स्थिरावते.

पिपेटचे बटण दाबताना दोन ठिकाणी अडते, ते पहिला आणि दुसरा स्टॉप. आता बटण पहिल्या स्टॉपपर्यंत दाबा, हवेतच. मग टिप द्रवात बुडवा: पी-२ आणि पी-१० साठी १ मिलिमीटर, पी-२० आणि पी-२०० साठी २ ते ३ मिलिमीटर, पी-१००० साठी ३ ते ६ मिलिमीटर. खोल बुडवली तर बाहेर द्रव माखतो आणि खालचा दाब आत जास्त द्रव ढकलतो. वरवर ठेवली तर हवा शिरते आणि टिपमध्ये बुडबुडा दिसतो. बुडबुडा दिसला की ते माप टाकून द्या, 'थोडेसेच आहे' म्हणून पुढे जाऊ नका.

पिपेट उभी धरा. कलली तर टिपमधल्या द्रवस्तंभाची उंची कमी होते आणि ठरल्यापेक्षा जास्त द्रव आत येतो. ट्यूब तिरकी केली तरी चालेल, पिपेट नको. बटण हळूहळू वर येऊ द्या. अंगठा एकदम काढला की द्रव उसळून पिपेटच्या दांड्यात जातो, आणि तो तिथे वाळला की पिपेट खराब होते. द्रव वर आल्यावर टिप तशीच बुडालेली ठेवून एक सेकंद थांबा, पी-१००० असेल तर दोन-तीन सेकंद. द्रवाची पातळी बटणाच्या थोडी मागे चालते, तिला पोहोचायला हा वेळ लागतो. मग सरळ वर उचला. बाहेर थेंब असेल तर टिपच्या टोकाने ट्यूबच्या भिंतीला हलका स्पर्श करा.

सोडताना टिपचे टोक दुसऱ्या ट्यूबच्या भिंतीला टेकवा. बटण पहिल्या स्टॉपपर्यंत सावकाश दाबा, क्षणभर थांबा, मग दुसऱ्या स्टॉपपर्यंत दाबून उरलेले बाहेर काढा, आणि बटण दाबलेलेच ठेवून टिप भिंतीवरून वर सरकवत बाहेर घ्या. बटण आधी सोडले तर सोडलेला द्रव परत आत शिरतो. ही चूक नवशिक्यांकडून सर्वाधिक होते आणि तिचा पत्ता सर्वात उशिरा लागतो.

२ मायक्रोलिटरपेक्षा कमी द्रव भिंतीवर किंवा हवेत सोडून भागत नाही. तो ट्यूबमध्ये आधी असलेल्या पाण्यात किंवा बफरमध्येच (आम्लता स्थिर ठेवणाऱ्या द्रावणात) सोडावा आणि त्याच द्रवात दोन-तीनदा वर-खाली करावा. म्हणून कृतीत मोठे आकारमान आधी आणि सर्वात लहान शेवटी घालण्याचा क्रम असतो.

चिकट, फेसाळ आणि उडून जाणारे द्रव

सीरम, प्लाझ्मा, प्रथिनांची द्रावणे आणि डिटर्जंट असलेले बफर पाण्यासारखे वागत नाहीत. त्यांचा पातळ थर टिपच्या आत चिकटून राहतो आणि शेवटच्या फुंकरीने फेस होतो. यांच्यासाठी उलटी पद्धत वापरावी: बटण दुसऱ्या स्टॉपपर्यंत दाबून द्रव घ्यायचा, म्हणजे ठरल्यापेक्षा थोडा जास्त येतो, आणि सोडताना फक्त पहिल्या स्टॉपपर्यंत दाबायचे. जो थोडा द्रव टिपमध्ये उरतो तो टिपसकट टाकायचा. दुर्मीळ नमुन्यासाठी ही उधळपट्टी परवडत नसेल तर सरळ पद्धतच, पण अगदी सावकाश.

एन्झाइम बहुधा ५० टक्के ग्लिसरॉलमध्ये साठवलेले असते, म्हणजे काकवीसारखे नाही तरी पाण्यापेक्षा बरेच दाट. टिप पृष्ठभागाला जेमतेम टेकवून हळू ओढावे. टिप तळापर्यंत घातली तर बाहेरून चिकटलेले एन्झाइम आतल्यापेक्षा जास्त भरू शकते. ग्लिसरॉल जड असल्यामुळे ते ट्यूबच्या तळाला जाऊन बसते, म्हणून घातल्यावर मिसळणे विसरू नये. डीएनए कापणाऱ्या एन्झाइमच्या अभिक्रियेत अंतिम ग्लिसरॉल ५ टक्क्यांच्या वर जाऊ देत नाहीत, नाहीतर एन्झाइम नको त्या ठिकाणीही कापू लागते. २० मायक्रोलिटरच्या अभिक्रियेत ५० टक्के ग्लिसरॉलचे एन्झाइम २ मायक्रोलिटरपेक्षा जास्त घालायचे नाही, हा नियम तिथूनच येतो.

इथेनॉल, ॲसिटोनसारखे द्रव टिपमधूनच ठिबकू लागतात, कारण त्यांची वाफ आतली हवा फुगवते. टिप पाच-सहा वेळा ओली केली की ठिबकणे बरेचसे थांबते. वारंवार हेच काम असेल तर दट्ट्या थेट द्रवाला टेकणारी, हवेचा स्तंभ नसलेली पिपेट घ्यावी. ग्लिसरॉल किंवा मधासारख्या दाट द्रवासाठीही तीच योग्य.

बर्फात ठेवलेले द्रव आणखी एक पेच घालतात. गार द्रवाने टिपमधली हवा आकसते आणि माप जास्त येते. गरम द्रवाने उलटे. शक्य असेल तर सगळे खोलीच्या तापमानाला आणावे. बर्फावरच ठेवायचे असेल तर टिप ओली करण्याची पायरी गाळावी, दर मापाला नवी टिप घ्यावी आणि हात झटपट चालवावा.

रक्त मोजताना

रक्त ही मायक्रोलिटरच्या जगातली सगळ्यात अवघड वस्तू, कारण ते एकसंध द्रव नाही. ट्यूब स्थिर ठेवली की पेशी खाली बसतात. ईडीटीए (रक्त गोठू न देणारे रसायन) असलेल्या ट्यूबमधून रक्त घेण्याआधी ती ८ ते १० वेळा हलकेच उलटी-सुलटी करावी. जोराने हलवू नये, तांबड्या पेशी फुटतात.

पांढऱ्या पेशी हाताने मोजण्याची कृती हे या एककाचे उत्तम उदाहरण आहे. ३८० मायक्रोलिटर विरळक द्रवात २० मायक्रोलिटर रक्त घालायचे, म्हणजे २० पट विरळ. विरळकात सौम्य ॲसेटिक ॲसिड असते, ते तांबड्या पेशी फोडते आणि पांढऱ्या पेशींची केंद्रके ठळक करते. रक्त घेताना टिप आधी ओली करायची नाही. घेतल्यावर टिपचे बाहेरचे अंग कोरड्या टिश्यूने पुसायचे, पण टोकाच्या भोकाला टिश्यू लावायचा नाही, तो आतले रक्त शोषून घेतो. मग रक्त विरळकात सोडून त्याच विरळकाने टिप तीन-चार वेळा आतून धुवायची, म्हणजे आत चिकटलेले रक्तही मोजमापात येते.

मग हे मिश्रण न्यूबाउअर चेंबरमध्ये, म्हणजे पेशी मोजण्यासाठी चौकोन आखलेल्या काचेवर, भरायचे. तिच्या मोठ्या चौकोनाची बाजू १ मिलिमीटर आणि खोली ०.१ मिलिमीटर, म्हणजे एका चौकोनावर ०.१ मायक्रोलिटर द्रव. कोपऱ्यातले चार चौकोन मिळून ०.४ मायक्रोलिटर. चारही चौकोनांत मिळून १४० पेशी सापडल्या तर १४० गुणिले २० भागिले ०.४, म्हणजे ७००० प्रति मायक्रोलिटर. थोडक्यात, चार चौकोनांच्या बेरजेला ५० ने गुणायचे. दोन बाजूंच्या रेषांवरच्या पेशी मोजायच्या, उरलेल्या दोन बाजूंवरच्या सोडायच्या, आणि हा नियम सगळ्या चौकोनांना एकसारखा लावायचा.

इथे हात बिघडवणाऱ्या दोन गोष्टी आहेत. एक, चेंबरची जाड काच न वापरता साधी कव्हरस्लिप ठेवणे: ती पाण्याच्या ताणाने वाकते आणि खोली ०.१ मिलिमीटर राहत नाही. दुसरी, द्रव जास्त भरणे: काच तरंगते, खोली वाढते, आकडा फुगतो. खाचेत द्रव ओसंडला तर पुसून पुन्हा भरावे. आणि सगळे बिनचूक केले तरी १४० पेशींच्या मोजणीत निव्वळ योगायोगाचा फरक साधारण ८ टक्के असतोच, म्हणून ७००० आणि ७४०० यांत फरक शोधत बसू नये.

विरळ करणे

हिशेबाचे सूत्र एकच: मूळ तीव्रता गुणिले घ्यायचे आकारमान, बरोबर हवी ती तीव्रता गुणिले अंतिम आकारमान. उत्तर १ मायक्रोलिटरच्या खाली आले की थांबावे आणि मधली एक पायरी घालावी. समजा, मूळ द्रावणात दर मायक्रोलिटरला १० मायक्रोग्रॅम प्रथिन आहे आणि हवे आहे १०० मायक्रोलिटर, दर मायक्रोलिटरला ०.०५ मायक्रोग्रॅमचे. थेट गेलात तर अर्धा मायक्रोलिटर घ्यावा लागेल, आणि तो अर्धाच आला याची खात्री कोणी देऊ शकत नाही. त्याऐवजी १० मायक्रोलिटर ९० मध्ये मिसळा, मग त्यातले ५ मायक्रोलिटर ९५ मध्ये. दोन्ही मापे पिपेटच्या सुखाच्या पल्ल्यात येतात.

'एकास दहा' म्हणताना काहीजण १ भाग आणि ९ भाग धरतात, काही १ भाग आणि १० भाग. प्रयोगशाळेत पहिला अर्थ रूढ आहे, तरी वहीत '१० अधिक ९०' असेच लिहावे, म्हणजे वाद उरत नाही. ओळीने विरळ करत जाताना प्रत्येक पायरीवर नवी टिप घ्यावी आणि नीट मिसळूनच पुढे जावे. दर पायरीला तीव्रता ५ टक्के जास्त होत गेली तर पाचव्या ट्यूबमध्ये ती जवळपास २८ टक्के जास्त असते.

एकसारख्या अनेक अभिक्रिया करायच्या असतील तर सामाईक मिश्रण करावे. २० ट्यूबमध्ये प्रत्येकी अर्धा मायक्रोलिटर एन्झाइम घालण्याऐवजी २२ ट्यूबचा हिशेब धरून एकदाच ११ मायक्रोलिटर घ्यावे. जास्तीचे दोन भाग टिपांना चिकटण्यात जातात.

साठवताना

वारंवार गोठवणे-वितळवणे प्रथिनांना सोसत नाही, म्हणून नवा साठा आला की त्याचे १० ते ५० मायक्रोलिटरचे अलिकोट करून ठेवावेत. अलिकोट म्हणजे एका मूळ द्रावणाचे मोजून केलेले सारखे भाग, प्रत्येक एकदाच वापरायचा. ट्यूब लहान घ्यावी. १० मायक्रोलिटर दीड मिलिलिटरच्या ट्यूबमध्ये ठेवले तर वरच्या रिकाम्या हवेत पाणी उडत राहते आणि झाकणाखाली दवबिंदू होऊन बसते. तेवढ्यासाठी ०.२ किंवा ०.५ मिलिलिटरची ट्यूब योग्य. फार विरळ प्रथिन असेल तर ते प्लॅस्टिकच्या भिंतीला चिकटून नाहीसे होते, तिथे कमी चिकटणाऱ्या प्लॅस्टिकच्या ट्यूब वापराव्यात.

वितळवल्यावर झाकण लगेच उघडू नये. गोठताना पाणी आणि विरघळलेले पदार्थ वेगळे होतात, वितळल्यावर तळाशी दाट आणि वर पातळ असे थर राहतात. आधी हलक्या हाताने उलटी-सुलटी करून मिसळावे, मग काही सेकंद सेंट्रिफ्यूजमध्ये फिरवून झाकणाला चिकटलेले थेंब खाली आणावेत. १० मायक्रोलिटरच्या ट्यूबमध्ये झाकणावर ३ मायक्रोलिटर राहिले तर खाली उरलेले द्रावण ठरल्यापेक्षा बरेच दाट असते.

पिपेट खरी सांगते का

गळती पाहायला मिनिटही लागत नाही. कमाल माप पाणी घ्या, पिपेट उभी धरून २० सेकंद थांबा. टोकाला थेंब जमला तर आधी टिप बदला. तरी गळत असेल तर आतली रबरी रिंग झिजलेली किंवा कोरडी पडलेली आहे.

मापाची खात्री वजनाने करतात. शुद्ध पाणी, पिपेट, टिपा आणि वजनकाटा एकाच खोलीत निदान दोन तास ठेवा. पाण्याचे तापमान नोंदवा. एकच माप दहा वेळा घेऊन प्रत्येक वजन लिहा, सरासरी काढा आणि पाण्याच्या घनतेचा गुणक लावा: २० अंश सेल्सिअसला १.००२९, २५ अंशांना १.००४० मायक्रोलिटर दर मिलिग्रॅमला. हे गुणक समुद्रसपाटीच्या सामान्य दाबाचे आहेत. १०० मायक्रोलिटरची सरासरी २५ अंशांना ९९.२ मिलिग्रॅम आली, तर आकारमान ९९.६ मायक्रोलिटर. आयएसओ ८६५५ या मानकानुसार १०० मायक्रोलिटरच्या पिपेटला ०.८ मायक्रोलिटरपर्यंतची चूक क्षम्य आहे, म्हणजे ही पिपेट चालेल. १० मायक्रोलिटरच्या पिपेटसाठी हीच मर्यादा ०.१२ मायक्रोलिटर.

१०० मायक्रोलिटरपासून वरच्या मापांना ०.१ मिलिग्रॅम दाखवणारा काटा पुरतो, त्याखाली ०.०१ मिलिग्रॅमचा लागतो. आणि १० मायक्रोलिटरच्या खाली पाणी काट्यावरच उडू लागते, आकडा डोळ्यांदेखत घसरतो. अशा पिपेटा आपल्याच प्रयोगशाळेच्या काट्यावर तपासण्यापेक्षा कॅलिब्रेशनला पाठवाव्यात. सरासरी ठीक पण दहा आकडे एकमेकांपासून लांब असतील तर दोष बहुधा हातात असतो. आकडे जवळ-जवळ पण सगळेच कमी किंवा सगळेच जास्त असतील तर दोष पिपेटमध्ये.

टिपमध्ये द्रव असताना पिपेट कधीच आडवी ठेवू नये. द्रव दांड्यात उतरला असे दिसले तर त्याच दिवशी पिपेट खोलून खालचा भाग ऊर्ध्वपातित पाण्याने आणि मग ७० टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोलने धुवावा, पूर्ण वाळू द्यावा आणि माहितीपत्रकात सांगितले असेल तरच दट्ट्याला ग्रीसचा अगदी पातळ हात लावावा. जोडल्यावर गळतीची आणि वजनाची तपासणी पुन्हा करावी. रक्त किंवा संसर्गजन्य नमुना आत गेला असेल तर खोलण्याआधी हातमोजे घालावेत आणि भाग आधी जंतुनाशकात ठेवावेत. असे नमुने रोजचेच असतील तर आत फिल्टर असलेल्या टिपा वापराव्यात, म्हणजे नमुना दांड्यापर्यंत पोहोचतच नाही.